ऊस्मान सेम्बेन यांची रात्रशाळा

पश्चिम आफ्रिकेतील सेनेगल देशात, एका लहानशा गावी, एका कॅथोलिक कुटुंबात मयत झालेली आहे. घरचा कर्ता पुरुष गेला आहे. नातलग जमले आहेत, धर्मग्रामातील स्त्री-पुरुष प्रार्थनेसाठी आले आहेत, धर्मगुरू दफनविधीसाठी सिद्ध आहेत. पॅरिसला स्थायिक झालेला थोरला मुलगाही येऊन दाखल झाला आहे. सर्व तयारी झाली आहे. नाही ते फक्त प्रेत. शोध घेता घेता उलगडा होतो की, शवागारातील घोटाळ्यामुळे ते प्रेत दुसऱ्याच एका मृताच्या नातलगांच्या हवाली झाले आणि ह्या कॅथोलिक गृहस्थाचे दफन एका मुस्लिम गावाच्या कबरस्तानात केव्हाच उरकले गेले आहे. कबर उकरू द्यावयास ते गाव तयार नाही. आपल्या माणसाला परक्या मातीत सोडून परत फिरावयास हे कुटुंब तयार नाही.

'गेल्वार' ह्या 1992 सालच्या चित्रपटाची ही सुरुवात आहे. दिग्दर्शक ऊस्मान सेम्बेन. 'आफ्रिकी चित्रपटाचे जनक' म्हणून जग त्यांना ओळखते. ते जन्माने मुस्लिम, विचाराने मार्क्सवादी. असे असूनही आपल्या देशाच्या दुखण्यावर बोट ठेवण्यासाठी त्यांनी एक कॅथोलिक घर निवडले. सेनेगलमध्ये शंभरात जेमतेम चार-पाच माणसे ख्रिस्ती आहेत, हे लक्षात घेतले म्हणजे ह्या निवडीचे नवल वाटते. ती त्यांनी का केली, हे समजण्यासाठी त्यांच्या आयुष्याची वाट थोडी मागून पाहावी लागेल.

गोदी कामगार ते लेखक

सेम्बेन यांचा जन्म 1923 साली दक्षिण सेनेगलमधील कासामांस प्रांतात, झिगिंशोर येथे झाला. वडील मच्छीमार होते. मुख्याध्यापकांशी झालेल्या झटापटीमुळे पोराला शाळेतून काढण्यात आले आणि त्याचे औपचारिक शिक्षण तेथेच संपले. वडिलांबरोबर होडीवर जावे, तर त्याला समुद्र लागायचा. अखेर तो डाकार शहरात आला आणि गवंडीकाम, यंत्रदुरुस्ती असे हाताला मिळेल ते काम करू लागला. 1944 साली, दुसऱ्या महायुद्धात, फ्रेंच वसाहतींच्या सैन्यात त्याची भरती झाली. युद्ध संपल्यावर डाकार-नायजर रेल्वेच्या आफ्रिकी कामगारांनी गोऱ्या कामगारांच्या बरोबरीचे हक्क मागण्यासाठी संप पुकारला. ऑक्टोबर 1947 ते मार्च 1948 असा पाच महिने चाललेला हा लढा सेम्बेन यांनी जवळून पाहिला.

पुढे त्यांनी फ्रान्स गाठले. मार्सेय बंदरात ते गोदी कामगार झाले. ओझी वाहता वाहता एका अपघातात त्यांच्या पाठीच्या कण्याला जबर दुखापत झाली. बंदरात कामगार संघटनेचे ग्रंथालय होते. शाळेने दार लावून घेतलेला हा मनुष्य तेथे खऱ्या अर्थाने शिकला. 1956 साली त्यांची पहिली कादंबरी प्रसिद्ध झाली. तिचा नायक मार्सेयचा एक काळा गोदी कामगारच होता. 1960 साली रेल्वे संपावरची त्यांची मोठी कादंबरी आली. 'देवाची लाकडे' असा तिच्या नावाचा आशय. जिवंत माणसांची मोजदाद केली तर त्यांचे आयुष्य घटते, अशी तिकडे लोकसमजूत असल्यामुळे माणसे मोजताना 'देवाची इतकी लाकडे' असे म्हणतात. संपकरी पुरुषांच्या पाठीशी उभ्या राहिलेल्या बायका ही त्या कादंबरीची खरी ताकद आहे.

त्याच वर्षी, म्हणजे 1960 साली, सेनेगल स्वतंत्र झाला. सेम्बेन आफ्रिकेत परतले आणि गावोगाव हिंडले. लेखक म्हणून त्यांचे नाव झाले होते. परंतु ज्या माणसांविषयी त्यांनी लिहिले त्यांच्यापैकी कितीजणांनी ते वाचले होते? पुस्तके फ्रेंच भाषेत होती. बहुसंख्य लोकांना फ्रेंच येत नव्हती, आणि अनेकांना कोणतीच भाषा वाचता येत नव्हती. स्वजनांसाठी लिहिलेली पत्रे परक्यांच्याच हाती पडत होती. लेखकाला ह्याहून मोठे दुःख ते कोणते?

ह्या दुःखावर त्यांनी शोधलेला उपाय त्यांच्या वयाला साजेसा मुळीच नव्हता. चाळिशीच्या उंबरठ्यावर त्यांनी पुन्हा विद्यार्थी व्हायचे ठरवले. 1962 साली ते मॉस्कोला गेले आणि मार्क दोन्स्कॉय ह्या नामवंत दिग्दर्शकाच्या हाताखाली चित्रपटकला शिकले. चित्रपट म्हणजे आपल्या लोकांची रात्रशाळा आहे, असे ते पुढे आयुष्यभर सांगत राहिले. दिवसभर राबलेला मनुष्य संध्याकाळी तेथे येऊन बसेल. त्याला अक्षर येत नसले तरी चालेल. डोळे आणि कान पुरेत.

कॅमेरा कोणाच्या हाती?

त्या काळी आफ्रिकेत चित्रपट पोहोचले नव्हते असे नाही. डाकारच्या चित्रगृहांत अमेरिकन व फ्रेंच चित्रपट चालत. मुंबईत तयार झालेले हिंदी चित्रपटही तेथे लोकप्रिय होते. भाषा न कळताही लोक ते आवडीने पाहत. नव्हता तो आफ्रिकी माणसाने आफ्रिकेविषयी काढलेला चित्रपट. 1934 सालच्या एका फ्रेंच हुकुमान्वये वसाहतींमध्ये चित्रीकरण करण्यासाठी सरकारी परवानगी आवश्यक होती आणि आफ्रिकी लोकांच्या हाती कॅमेरा जाऊ नये हाच त्यामागील हेतू होता. पोलें सुमानू व्हिएरा ह्या तरुणाने पॅरिसमध्ये चित्रपटशिक्षण घेतले होते. त्याने व त्याच्या मित्रांनी 1955 साली आपला पहिला लघुपट काढला तोही पॅरिसमध्येच. हेच व्हिएरा पुढे सेम्बेन यांचे निकटचे सहकारी झाले. चित्रपटांचे वितरण तर स्वातंत्र्यानंतरही दोन फ्रेंच कंपन्यांच्या मुठीत होते.

अशा परिस्थितीत 1963 साली सेम्बेन यांनी 'बोरोम सारेत' हा सुमारे 20 मिनिटांचा चित्रपट काढला. डाकारमधील एका गरीब घोडागाडीवाल्याचा एक दिवस एवढाच त्याचा विषय. सकाळपासून तो गिऱ्हाइके वाहतो. कुणी पैसे देतो, कुणी देत नाही. मेलेले तान्हे मूल उराशी धरून कबरस्तानाकडे निघालेला एक बापही त्याच्या गाडीत बसतो. रस्त्यात एक भाट त्याच्या पूर्वजांचे गुणगान करतो, आणि पूर्वजांच्या थोरवीने भारावलेला हा भुकेला मनुष्य आपली सारी कमाई त्याला देऊन टाकतो. शेवटी, घोडागाड्यांना मज्जाव असलेल्या श्रीमंत वस्तीत शिरल्याबद्दल पोलीस त्याची गाडी जप्त करतो. रिकाम्या हातांनी तो घरी येतो. बायको मूल त्याच्या स्वाधीन करते आणि आज रात्री आपण जेवू असे सांगून बाहेर पडते. ती कोठे जाते, हे दिग्दर्शक सांगत नाही.

आफ्रिकेच्या भूमीवर काळ्या आफ्रिकी माणसाने काढलेला पहिला चित्रपट म्हणून त्याचे नाव आदराने घेतले जाते. तो पोलीस गोरा नाही, हे मात्र विसरू नये. स्वातंत्र्य मिळून तीन वर्षे झाली आहेत, झेंडा बदलला आहे. गाडीवाल्याचे दैव काही बदललेले नाही.

1966 साली 'ला न्वार द...' हा त्यांचा पहिला दीर्घ चित्रपट आला. द्युआना ही डाकारची मुलगी एका फ्रेंच कुटुंबाबरोबर मुले सांभाळण्यासाठी फ्रान्सला जाते. तेथे गेल्यावर तिच्या वाट्याला येते ती मोलकरणीची, किंबहुना बंदिनीची स्थिती. एके दिवशी तिच्या आईचे पत्र येते. आईला लिहिता येत नाही, म्हणून ते दुसऱ्याकडून लिहून घेतलेले. द्युआनाला वाचता येत नाही, म्हणून मालक ते वाचून दाखवतो आणि तिने तोंड उघडण्यापूर्वीच तिच्या वतीने उत्तरही लिहू लागतो. द्युआना ते पत्र फाडून टाकते. अखेर ह्या एकाकीपणात ती आपले जीवन संपवते. मालक तिचे सामान आणि राहिलेला पगार घेऊन डाकारला येतो; आई त्या पैशांना हात लावत नाही. ह्या चित्रपटाला त्याच वर्षी फ्रान्समधील झाँ व्हिगो पुरस्कार आणि ट्युनिशियातील कार्थेज महोत्सवाचे सुवर्णपदक मिळाले. निरक्षर माणसाच्या तोंडचे शब्द दुसराच कोणी ठरवतो, ही वेदना सेम्बेन यांनी त्या पत्राच्या प्रसंगात ओतली आहे. चित्रपटात एका पांढरपेशा शिक्षकाची भूमिकाही त्यांनी स्वतःच केली आहे.

परंतु एक विसंगती उरलीच होती. द्युआनाचे मनोगत पडद्यावर ऐकू येते ते फ्रेंच भाषेत!

मातृभाषेचा पडदा

ती विसंगती 1968 साली 'मान्दाबी'ने दूर केली. मान्दाबी म्हणजे मनीऑर्डर. सेनेगलमध्ये सर्वाधिक बोलल्या जाणाऱ्या वोलोफ भाषेत हा चित्रपट बोलला, आणि आफ्रिकी भाषेत पूर्ण लांबीचा चित्रपट होऊ शकतो हे सिद्ध झाले. त्यातील इब्राहिमा जेंग हा दोन बायका आणि सात मुलांचा बाप, बेकार; पण रुबाब मोठा. पॅरिसमध्ये रस्ते झाडणारा त्याचा भाचा 25,000 फ्रँकची मनीऑर्डर पाठवतो. त्यातले केवळ 2,000 मामाचे; बाकीचे भाच्याच्या आईचे आणि भाच्याच्या बचतीचे. मनीऑर्डर आल्याची वार्ता फुटते आणि दारात उसनवारी मागणाऱ्यांची रांग लागते. इकडे पोस्टात ओळखपत्र मागतात. ओळखपत्रासाठी जन्मदाखला हवा. जन्मदाखल्यासाठी जन्मतारीख हवी, आणि ती तर इब्राहिमाला ठाऊक नाही. कचेऱ्यांचे उंबरठे झिजवून थकलेल्या ह्या माणसाला शेवटी एक सुशिक्षित आप्तच गंडवतो.

सरकारी खिडकीपुढे फॉर्म हातात धरून ज्याने कधी तिष्ठत वेळ काढला आहे, त्याला ह्या कथेसाठी दुभाष्याची गरज पडणार नाही. व्हेनिसच्या महोत्सवात तिला परीक्षकांचे विशेष पारितोषिक मिळाले. सेम्बेन यांना त्याहून मोठे समाधान वेगळेच असणार: ज्यांच्यावर चित्रपट काढला, त्या माणसांना आता तो कळत होता. ते स्वतः चित्रपट घेऊन गावोगाव जात आणि खेळ संपल्यावर लोकांशी चर्चा करीत. 1971 साली भाषाशास्त्रज्ञ पाते ज्याञ यांच्या सहकार्याने त्यांनी वोलोफ भाषेत 'कद्दू' हे नियतकालिकही काढले. त्याच वर्षीच्या 'एमिताई' ह्या चित्रपटात त्यांच्या जन्मप्रांतातील जोला लोक स्वतःची भाषा बोलले. महायुद्धात फ्रेंच सैन्यासाठी तांदूळ सक्तीने वसूल केला जात असता तो लपवून ठेवणाऱ्या स्त्रियांची ती कहाणी आहे.

राष्ट्रीय चित्रपट म्हणजे काय, ह्या प्रश्नाचे सेम्बेन यांनी दिलेले उत्तर येथे सापडते. राष्ट्राच्या पैशाने निघाला म्हणून चित्रपट राष्ट्रीय होत नाही. राष्ट्रातील शेवटच्या माणसाला तो आपला वाटला पाहिजे. संस्था उभारण्यातही ते मागे नव्हते. बुर्किना फासोच्या वागादूगू शहरात 1969 साली सुरू झालेला आफ्रिकी चित्रपटांचा महोत्सव नावारूपाला आणण्यात त्यांचा मोठा वाटा आहे.

आपल्याच घराचा झाडू

परक्या सत्तेवर टीका करणे तुलनेने सोपे असते, टाळ्याही मिळतात. सेम्बेन यांची कसोटी लागली ती स्वकीयांपुढे. 1975 सालच्या 'खाला'त त्यांनी स्वतंत्र सेनेगलमधील नवश्रीमंतांची रेवडी उडवली. गोऱ्यांना व्यापारी मंडळातून हुसकून लावणारे हे पुढारी, त्याच गोऱ्यांनी आणून दिलेल्या पैशांनी भरलेल्या बॅगा निमूटपणे उघडतात. त्यांच्यातला एक मोटार धुण्यासाठी फ्रान्सहून आणलेले बाटलीतले पाणी वापरतो आणि मुलगी वोलोफमध्ये बोलली म्हणून तिच्यावर खेकसतो. सरकारी चित्रपट संस्थेच्या सहकार्याने निघालेल्या ह्या चित्रपटातील अनेक दृश्यांवर सेन्सॉरची कात्री चालली.

1977 सालच्या 'चेड्डो'ची गत याहून वाईट झाली. जुन्या काळातील एका राज्यात बळजबरीच्या धर्मांतराला विरोध करणाऱ्या सामान्य लोकांची ही कथा. तिच्यात सत्ता बळकावणारा इमाम आहे, बंदुका देऊन माणसे विकत घेणारा गोरा व्यापारी आहे, आणि त्याच्या शेजारी वावरणारा गोरा मिशनरीही आहे. हा चित्रपट कोणत्याच धर्माच्या प्रेक्षकाला सुखासुखी पाहता येत नाही, आपल्यालाही नाही. गुलामांच्या बाजारापासून हाकेच्या अंतरावर वेदी मांडली गेली होती, हे इतिहासाचे सत्य पडद्यावर पाहताना ख्रिस्ती मन अस्वस्थ होणारच. ही अस्वस्थता आरोग्यदायी आहे, असे मला वाटते.

सेनेगल सरकारने ह्या चित्रपटावर बंदी घातली. कारण दिले ते शुद्धलेखनाचे! 'चेड्डो' हा शब्द सरकारी नियमानुसार एका 'ड'ने लिहावा, असा आग्रह होता. सेम्बेन दोन 'ड' सोडावयास तयार नव्हते. त्या वेळचे राष्ट्राध्यक्ष लेओपोल्ड सेडार सेंघोर हे स्वतः श्रद्धावान कॅथोलिक, एके काळी धर्मगुरू होण्याची आस बाळगून सेमिनरीत शिकलेले आणि फ्रेंच भाषेचे मोठे कवी. मुस्लिमबहुल देशाने एका ख्रिस्ती माणसाला वीस वर्षे राष्ट्राध्यक्षपदी ठेवले, ही सेनेगलची थोरवी. आणि त्याच सुसंस्कृत राष्ट्राध्यक्षाच्या कारकिर्दीत एका कलावंताचा आवाज व्याकरणाच्या नावाखाली दाबला गेला, ही त्याच इतिहासाची दुसरी बाजू. सेंघोर पायउतार झाल्यानंतरच तो चित्रपट मायदेशी दाखवला गेला.

1988 साली त्येर्नो फाती सो यांच्यासह दिग्दर्शित केलेल्या 'त्यारोयची छावणी' ह्या चित्रपटात सेम्बेन यांनी एका दडपलेल्या हत्याकांडाला वाचा फोडली. फ्रान्ससाठी लढून, जर्मनांचे युद्धकैदी होऊन परतलेल्या आफ्रिकी सैनिकांनी थकलेला पगार मागितला, तेव्हा 1 डिसेंबर 1944 रोजी फ्रेंच सैन्यानेच त्यांच्यावर गोळ्या झाडल्या. मृतांचा जुना सरकारी आकडा 35. इतिहासकारांच्या मते तो कितीतरी मोठा. फ्रेंच पैशाविना, सेनेगल, अल्जेरिया व ट्युनिशिया ह्यांच्या सहकार्याने निघालेल्या ह्या चित्रपटाला व्हेनिसमध्ये गौरव लाभला; फ्रान्समधील प्रेक्षकांपर्यंत मात्र तो अनेक वर्षे पोहोचू शकला नाही. त्यारोय येथे हत्याकांडच घडले, ही कबुली फ्रान्सच्या राष्ट्राध्यक्षांनी दिली ती 2024 साली, घटनेला ऐंशी वर्षे होत असताना. ती ऐकायला सेम्बेन हयात नव्हते.

गेल्वारची अखेरची यात्रा

आता पुन्हा त्या प्रेत हरवलेल्या घराकडे वळू. मृताचे नाव प्येर आँरी च्यून. 'गेल्वार', म्हणजे उमदा वीर, ही त्याची लोकांनी दिलेली ओळख. परदेशातून येणाऱ्या धान्याच्या मदतीविरुद्ध त्याने भर सभेत आवाज उठवला होता. हात पसरून जगणारे लोक पिढ्यान्‌पिढ्या मान खाली घालूनच जगतात, असे त्याचे सांगणे. ज्या पुढाऱ्यांचे आसन त्या धान्याच्या गोण्यांवर टिकून होते, त्यांना ते मानवले नाही. त्याला मारहाण झाली आणि त्यातच तो गेला.

परंतु सेम्बेन त्याला संत करून टाकत नाहीत. त्याचे स्वतःचे घर ज्या पैशावर चालते, तो शहरात देहविक्रय करणाऱ्या त्याच्या मुलीचा आहे. विधवा नोगोय मारी पलंगावर मांडून ठेवलेल्या नवऱ्याच्या रिकाम्या कपड्यांशी बोलते, त्याच्यावर रागावते, त्याला जाब विचारते. जगाला स्वाभिमान शिकवणाऱ्याच्या घरात ही तडजोड कशी, हा प्रश्न दिग्दर्शक आपल्यापुढे तसाच ठेवतो. हा प्रश्न सेम्बेन यांनाही चुकला नव्हता. त्यांच्या अनेक चित्रपटांना फ्रेंच पैसा लागला. 'गेल्वार'मध्येही फ्रेंच निर्मात्याचा वाटा होता. मदतीविषयी ते बोलतात ते तिचा भार अंगावर वागवणाऱ्याच्या अनुभवाने.

दोन्ही गावे काठ्या घेऊन समोरासमोर येतात. अनर्थ टळतो तो काही समंजस माणसांमुळे. त्यांत कायद्याशी इमान राखणारा मुस्लिम पोलीस अधिकारी आहे, आपल्याच माणसांना आवरून धरणारा वृद्ध इमाम आहे, संयमाने थांबून राहिलेला धर्मगुरू आहे. फ्रेंच नागरिकत्वाचा तोरा मिरवत आलेला थोरला मुलगाही हळूहळू आपल्या मातीकडे वळतो. अखेर प्रेत मिळते. परतीच्या वाटेवर मदतीच्या धान्याचा ट्रक समोरून येतो. तरुण मुले गोण्या खाली ओढून रस्त्यावर रित्या करतात आणि त्या सांडलेल्या धान्यावरून गेल्वारची अंत्ययात्रा पुढे जाते. अन्नाची अशी नासाडी पाहून आपल्या जिवाचे पाणी होते. रोजची भाकर मागण्याची प्रार्थना आपण दररोज करतो. सेम्बेन यांनाही ते कळत होते, म्हणूनच त्यांनी तेथे कॅमेरा रोखून धरला. भाकर आणि मान, ह्यांतले एकच निवडण्याची पाळी माणसावर कोणी आणली?

सेनेगलच्या किनाऱ्यावर फाद्यूत नावाचे शिंपल्यांचे एक बेट आहे. तेथील दफनभूमीत ख्रिस्ती व मुस्लिम ह्यांच्या कबरी शेजारी शेजारी आहेत. 'गेल्वार'मधील भांडण हे त्या देशाचे संपूर्ण चित्र नव्हे. शेजारधर्म जुनाच आहे. तो मोडू पाहणारे स्वार्थ मात्र नवे आहेत, हेच सेम्बेन यांना सांगावयाचे होते. ही गोष्ट बहुसंख्याकांच्या घरातून सांगितली असती, तर तिचा अर्थ वेगळा झाला असता. मूठभरांच्या मयताला न्याय मिळतो की नाही, यावरून देशाची पारख होते. म्हणूनच त्यांना ते कॅथोलिक घर हवे होते.

वारसा

वयाची ऐंशी वर्षे उलटल्यावर, 2004 साली, सेम्बेन यांनी 'मोलादे' हा चित्रपट दिला. मुलींच्या सुंतेच्या क्रूर रूढीपासून पळालेल्या चार पोरींना कोले नावाची स्त्री आपल्या घरात आश्रय देते. दारावर एक रंगीत दोरी बांधते. ती दोरी ओलांडण्याचे धाडस गावातील एकाही पुरुषाला होत नाही. कान महोत्सवात ह्या चित्रपटाचा गौरव झाला. 9 जून 2007 रोजी डाकार येथे सेम्बेन यांचे निधन झाले. सामोरी तूरे ह्या आफ्रिकी योद्ध्यावरील चित्रपटाचे त्यांचे जुने स्वप्न अपुरेच राहिले.

त्यांच्या हयातीतच डाकारमधील चित्रगृहे एकामागून एक बंद पडत गेली. रात्रशाळेचे विद्यार्थी पांगले. तरीही त्यांनी तुडवलेली पायवाट बुजली नाही. जिब्रिल जोप माँबेती, साफी फाय ह्यांनी सेनेगलचा चित्रपट आपापल्या वाटेने पुढे नेला. वागादूगूचा सर्वोच्च पुरस्कार 2013 साली प्रथमच सेनेगलला मिळाला, तो अलँ गोमिस यांच्या चित्रपटामुळे. माती जोप यांच्या 'अटलांटिक'ला 2019 साली कान येथे दुसऱ्या क्रमांकाचा सन्मान मिळाला. त्यातली पात्रे वोलोफ बोलतात. आज वोलोफ चित्रपट काढताना कोणाला परवानगी मागावी लागत नाही, की खुलासा द्यावा लागत नाही. हे दार कोणीतरी पहिल्यांदा उघडले होते, याची आठवणही अनेकांना राहत नसेल.

द्युआनाच्या वतीने मालक पत्र लिहू लागतो, तेव्हा ती ते फाडते. तिच्यापाशी दुसरा मार्ग नसतो. सेम्बेन यांनी त्या फाटलेल्या पत्राचे उत्तर चाळीस वर्षे लिहिले, आणि ज्या आईला वाचता येत नव्हते तिला कळेल अशा भाषेत लिहिले.